यांत्रिक पेटंटला कोर्टात आव्हान : मराठवाड्यातल्या वर्कशॉपवाल्यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

वडिलांचं जालन्यात शेती औजारांचं वर्कशॉप होतं. मी यांत्रिक अभियंता झालो, वाळूजला टूलरूममध्ये बरीच वर्षं काढली आणि आता पेटंट एजंट म्हणून काम करतो. पेरणी यंत्र, मळणी यंत्र, डाय, जिग-फिक्श्चर बनवणारी मंडळी जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, ते इथे एकत्र केले आहेत. कोर्टात उभं राहायचं काम वकिलाचं. पण वकिलाच्या हातात काय ठेवायचं ते आपल्या वर्कशॉपमधूनच यावं लागतं, आणि हे पान त्यासाठी आहे.

एक शब्द आधीच ठरवून घेऊ. पेटंटच्या शेवटी क्रमांक घालून ‘आमचा हक्क एवढ्यावर’ असं लिहिलेलं असतं, त्याला पुस्तकी मराठीत ‘दावा’ म्हणतात. आपल्याकडे दावा म्हणजे कोर्टातला दावा. गोंधळ नको म्हणून पेटंटातल्या त्या कलमांना इथे ‘क्लेम’ म्हटलं आहे.

पेटंटच्या उल्लंघनाची नोटीस आजच आली. सगळ्यात आधी काय करू?

रागाच्या भरात उत्तर लिहू नका आणि समोरच्याला फोनही करू नका. नोटिशीतला पेटंट क्रमांक घ्या आणि भारतीय पेटंट कार्यालयाच्या संकेतस्थळावर ‘इनपास’ या शोधयंत्रात टाका. पैसे लागत नाहीत. चार गोष्टी बघा.

पहिली, पेटंट मंजूर झालंय की नुसता अर्ज आहे? अर्ज मंजूर होण्याआधी उल्लंघनाचा दावा लावताच येत नाही. तरी अशी नोटीस फेकून देऊ नका, कारण पुढे पेटंट मंजूर झालं तर भरपाई अर्ज प्रसिद्ध झाल्याच्या तारखेपासून मागता येते. दुसरी, नूतनीकरणाची फी भरली आहे का? तिसऱ्या वर्षापासून ती दरवर्षी भरावी लागते, आणि फी थकली की पेटंट बंद पडतं. तिसरी, नोटीस पाठवणारा खरंच मालक आहे का? चौथी आणि सगळ्यात महत्त्वाची, अग्रक्रम तारीख म्हणजे प्रायॉरिटी डेट कोणती? शोध नवा होता की नाही हे याच तारखेवरून ठरतं. ही तारीख मोठ्या अक्षरात लिहून टेबलासमोर लावा. तुमचा सगळा पुरावा त्या तारखेच्या आधीचा लागणार आहे.

नंतर वकिलाकरवी कॅव्हेट, म्हणजे ‘आधी आम्हाला ऐका’ असा अर्ज, कोर्टात दाखल करा. म्हणजे तुमचं म्हणणं ऐकल्याशिवाय एकतर्फी मनाई हुकूम निघण्याची भीती कमी होते. कॅव्हेट ९० दिवस चालतं. मुदत संपायला आली की पुन्हा भरायचं.

सरकारने तपासून पेटंट दिलंय. मग ते रद्द कसं होईल?

हा गैरसमज मला रोज भेटतो. प्रमाणपत्रावर शिक्का दिसला की आपला माणूस हात जोडतो. पेटंट कायदा १९७० च्या कलम १३(४) मध्ये स्पष्ट म्हटलं आहे की कार्यालयाने केलेली तपासणी म्हणजे पेटंटच्या वैधतेची हमी नव्हे. एकदा मंजूर झालं म्हणजे वैधच धरावं, असं भारतीय कायद्यात कुठेही नाही.

कारणही समजण्यासारखं आहे. परीक्षक जगभरची पेटंट आणि छापील लेख शोधतो. मंठ्याच्या एखाद्या शेतकऱ्याच्या गोठ्यात २००८ पासून उभं असलेलं यंत्र त्याला दिसणार कुठून? तुमच्या बिलबुकातली नोंद त्याच्या संगणकावर नाही. जे त्याला दिसू शकत नव्हतं ते कोर्टाला दाखवायचं, म्हणजेच आव्हान.

यंत्राच्या पेटंटबद्दल सर्वोच्च न्यायालयाचा एखादा निकाल आहे का?

आहे, आणि प्रत्येक वर्कशॉपवाल्याने तो माहीत करून घ्यावा. बिश्वनाथ प्रसाद राधेश्याम विरुद्ध हिंदुस्थान मेटल इंडस्ट्रीज, १३ डिसेंबर १९७८.

प्रकरण उत्तर प्रदेशातल्या मिर्झापूरचं, पितळेच्या भांड्यांचं. भांडं लेथवर चढवून घासताना-कातताना हेडस्टॉकवरून, म्हणजे लेथच्या फिरत्या टोकावरून, निसटून उडायचं आणि कारागिराला इजा व्हायची. एका कारखान्याने भांडं टेलस्टॉकच्या, म्हणजे समोरच्या टोकाच्या, बाजूने दाबून धरायची सोय केली आणि १९५१ मध्ये तिचं पेटंट घेतलं. त्याच गावातल्या दुसऱ्या कारखान्याने तीच पद्धत वापरली म्हणून त्याच्यावर दावा झाला. प्रतिवादीचं म्हणणं साधं होतं : लेथ, हेडस्टॉक, अ‍ॅडॅप्टर, टेलस्टॉक हे सगळं जुनंच आहे, यात शोध कसला? उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी पेटंट रद्द केलं, खंडपीठाने तो निकाल फिरवला आणि शेवटी सर्वोच्च न्यायालयाने पेटंट रद्दच ठरवलं.

निकालाचा गाभा असा, की पेटंट मिळवायला नुसती वर्कशॉपमधली सुधारणा पुरत नाही, तिच्या पलीकडचं काहीतरी लागतं. कसोटीही सांगितली आहे. त्या तारखेला त्या विषयाचं सर्वसाधारण ज्ञान असलेला, नुसता हात चालवणारा नव्हे तर डोकं चालवणारा कसबी माणूस घ्या. त्याच्यापुढे तीच अडचण ठेवा, पेटंट मात्र दाखवू नका. जुनी माहिती हातात दिल्यावर ‘मला हवं होतं ते यात आहे’ असं तो म्हणेल का? म्हणणार असेल, तर ते पेटंट टिकत नाही.

आणखी एक गोष्ट मनात राहते. त्या काळच्या कायद्यात पेटंटची मुदत १६ वर्षं होती. म्हणजे शेवटचा निकाल आला तेव्हा मुदत संपून दशक उलटलं होतं. आज मुदत २० वर्षं आहे आणि व्यापारी दाव्यांना वेगळा कायदा आहे, तरी लढाई लांबते हे धरूनच चाला.

कोणकोणत्या कारणांवर पेटंट रद्द होऊ शकतं?

कलम ६४ मध्ये लांबलचक यादी आहे. यंत्रांच्या बाबतीत मुख्यतः ही कारणं कामाला येतात : शोध नवा नाही, तो जाणकाराला सहज सुचण्यासारखा आहे, कायद्याच्या व्याख्येनुसार तो शोधच नाही, वर्णन अपुरं आहे, म्हणजे वाचून यंत्र बनवता येत नाही, क्लेम अस्पष्ट आहे किंवा वर्णनात दिलंय त्याहून मोठा आहे, दुसऱ्याची कल्पना उचलली आहे, कार्यालयाला खोटी माहिती दिली आहे. परदेशात केलेल्या अर्जांची माहिती कलम ८ प्रमाणे दिली नाही, हेही कारण आहे. पण देशी पेटंटधारकाने बाहेर अर्जच केला नसेल तर त्याचा उपयोग नाही.

वकील बहुतेक वेळा सगळी कारणं एकत्र घालतात. माझं मत वेगळं आहे. दोन भक्कम कारणं आणि त्यांच्यामागे पुराव्याची जाडजूड फाइल, हे दहा पोकळ कारणांपेक्षा बरं. पोकळ मुद्दे उलटतपासणीत कोसळतात आणि जाताना चांगल्या मुद्द्यांची पतही घेऊन जातात.

“आम्ही हे यंत्र त्यांच्या आधीपासून बनवतोय.” एवढं पुरेसं नाही का?

नाही. खरं असलं तरी नाही.

भारतीय कायद्यात ‘मी आधीपासून वापरत होतो, म्हणून मला सूट’ असा वेगळा हक्क नाही. तुमच्या आधीच्या वापराचा उपयोग होतो तो पेटंट पाडण्यासाठी, आणि त्यासाठी तो वापर उघड असावा लागतो. यंत्र विकलं, शेतात चालवलं, प्रदर्शनात मांडलं, तर ते उघड झालं. शेडचं दार लावून आतल्या आत वापरलं असेल, तर तुमची बाजू कमजोर होते. भारतातला उघड वापर चालतो. परदेशातला नुसता वापर चालत नाही, पण परदेशात छापलेलं काहीही चालतं.

दुसरी अडचण तारखेची. ‘गावातल्या कुणालाही विचारा’ यावर न्यायालय निकाल देत नाही. साक्षीदार प्रामाणिक असतो, पण ‘धाकट्या मुलीच्या लग्नाच्या वर्षी’ असं सांगतो, आणि समोरचा वकील दहा मिनिटांत ते वर्ष दोन वर्षं पुढे सरकवतो. तोंडी साक्षीला कागदाचा टेकू लागतोच.

वसमतचा हळदीचा बाजार सगळ्यांना माहीत आहे. हळदीने जखम भरते हे आपल्या प्रत्येक आजीला ठाऊक होतं. तरी १९९५ मध्ये अमेरिकेत त्यावर पेटंट निघालं. वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेने डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या नेतृत्वाखाली ते १९९७ मध्ये तिथल्या पेटंट कार्यालयाकडून रद्द करून घेतलं. तिथे आजीबाईंची आठवण चालली नाही. जुने ग्रंथ आणि १९५३ चा एक छापील वैद्यकीय लेख चालला.

मग कागद कुठे शोधायचे? जुनी बिलबुकं, ‘व्हॅट’च्या काळातल्या पावत्या, जुलै २०१७ नंतरची जीएसटी बिलं, डिलिव्हरी चलन, मालमोटारीची बिल्टी, बँकेचं कर्जप्रकरण. ग्राहकाकडची पावती तुमच्याकडच्यापेक्षा वजनदार, कारण ती तुम्ही नंतर तयार केली असं कुणी म्हणू शकत नाही. पण पावतीवर नुसतं ‘पेरणी यंत्र १ नग’ असेल, तर आत काय होतं ते सिद्ध होत नाही. म्हणून पावतीसोबत ड्रॉइंग, माहितीपत्रक, फोटो किंवा ते यंत्रच हवं.

सगळ्यात उपेक्षित खजिना म्हणजे चाचणी अहवाल. अनुदानाच्या योजनेत बसवण्यासाठी औजारं तपासून घेतली जातात, मध्य प्रदेशातल्या बुदनीच्या केंद्रीय संस्थेत किंवा इतर मान्य केंद्रांत. त्या अहवालात तारीख असते, मोजमापं असतात, भागांचं वर्णन असतं. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठात बैलचलित औजारांवर कित्येक वर्षं काम झालं आहे. विद्यापीठाच्या शिफारशी, दैनंदिन्या, १८ मे च्या खरीप मेळाव्यात वाटलेली घडीपत्रकं हे सगळं छापील आणि तारखेचं आहे. एका घडीपत्रकावर पूर्ण क्लेम पडू शकतो.

वडिलांच्या वर्कशॉपमधली वीस-बावीस वर्षांची बिलबुकं आम्ही एका दिवाळीच्या साफसफाईत रद्दीला दिली. त्यांनीच बसवलेल्या एका रचनेवर पुढे कुणीतरी हक्क सांगितला, तेव्हा आमच्याकडे दाखवायला काहीच नव्हतं. ती रद्दी मला अजून टोचते. तुम्ही तसं करू नका.

‘नवं नाही’ आणि ‘सहज सुचण्यासारखं आहे’ यात फरक काय?

एक उदाहरण घेऊ. समजा, पेटंटचा पहिला क्लेम असा आहे : (क) तीन बिंदूंवर ट्रॅक्टरला जोडायची चौकट, (ख) बियाण्याची पेटी, (ग) तिच्या तळाशी खाचांची फिरती चकती, (घ) जमिनीच्या चढ-उतारानुसार वरखाली होणारा स्प्रिंगचा फण, (च) दोन्ही कडांना सऱ्या पाडणारे रिजर.

हा क्लेम कागदावर उभा लिहा आणि प्रत्येक भागासमोर जुन्या कागदात तो कुठे आहे ते लिहा. पान, आकृती, भाग क्रमांक सगळं. एकाच जुन्या माहितीपत्रकात क पासून च पर्यंत सगळं त्याच जोडणीत सापडलं, तर नवेपणा गेला. पण त्यात स्प्रिंगचा फण नसेल, तर नवेपणाचा मुद्दा संपला. ‘ऐंशी टक्के जुळतं’ याला अर्थ नाही. नवेपणाची कसोटी पूर्ण जुळण्याची आहे, आणि तीही एकाच कागदात.

मग दुसरी वाट. स्प्रिंगचा फण दुसऱ्या जुन्या कल्टिव्हेटरच्या अहवालात आहे. दोन्ही कागद एकत्र ठेवून विचारायचं, की कसबी माणसाने ते जोडले असते का? इथे ‘जोडता आले असते’ पुरत नाही. जोडायला कारण काय होतं ते दाखवावं लागतं. काळ्या जमिनीत ढेकळं आली की ताठ फण वाकतो, ही अडचण सगळ्यांना माहीत होती, आणि तिच्यावर स्प्रिंग हा उपाय त्याच अहवालात लिहिलेला होता. असं कारण कागदावर सापडलं तर तुमचा मुद्दा उभा राहिला. ते नसेल, तर समोरचा म्हणेल, “आता उत्तर कळल्यावर सगळ्यांनाच सोपं वाटतं.” आणि ते बरोबरही असू शकतं. पाच वेगवेगळ्या कागदांतून पाच तुकडे गोळा करून चौकट पूर्ण करावी लागत असेल, तर मी साफ सांगतो की हे पेटंट बहुधा चांगलं आहे.

हे काम प्रत्येक क्लेमसाठी वेगळं करायचं. पहिला पडला म्हणून सातवा आपोआप पडत नाही.

दोन जुनी औजारं एकाच चौकटीवर बसवली, एवढ्यावर पेटंट मिळतं?

कलम ३(एफ) पाहा. माहीत असलेली साधनं नुसती शेजारी मांडली आणि प्रत्येक आपापलं काम पूर्वीसारखंच स्वतंत्रपणे करत असेल, तर तो शोध नाही. पेरणी यंत्रावर फवारणीची टाकी बांधली. पेरणी पेरणीच्या जागी, फवारणी फवारणीच्या जागी. इथे ३(एफ) चांगलं लागू पडतं. पण चाकाच्या फिरण्याने फवाऱ्याचा दाब बदलतो आणि बी जिथे पडतं तिथेच थेंब पडतो अशी सांगड असेल, तर भाग एकमेकांवर अवलंबून झाले आणि हा मुद्दा लंगडा पडतो. यंत्र चालवून बघा आणि एक भाग काढला तर दुसऱ्याचं काम बदलतं का ते तपासा.

तिफणीसारख्या पारंपरिक औजारावर कुणी पेटंट घेतलं तर?

पारंपरिक ज्ञानच असलेल्या गोष्टीला कलम ३(पी) आडवं येतं, आणि शेतीची पद्धत, म्हणजे नुसती ‘अशी पेरणी करावी’ ही रीत, ३(एच) खाली बादच आहे. यंत्राला मात्र ३(एच) लागत नाही. तिफण, चाडं, नळ्या यांची माहिती फार जुन्या काळी छापली गेली आहे. कॅप्टन थॉमस हॅलकॉट या इंग्रज अधिकाऱ्याने १७९० च्या दशकात दक्षिण भारतातल्या पेरणीच्या औजाराबद्दल इंग्लंडला लिहून कळवलं होतं. पण तिफणीला कुणी खरोखर नवी जोड दिली असेल, तर त्या जोडीपुरतं पेटंट टिकू शकतं. मूळ तिफण मात्र सगळ्यांची.

पेटंटधारकानेच अर्जाआधी यंत्र विकलं होतं. त्याचा फायदा मिळतो?

मिळतो, आणि हा धागा लोक तपासतच नाहीत. आपल्याकडे रीत अशी की आधी दहा यंत्रं विकायची, चाललं तर पेटंट टाकायचं. अर्जाआधीची स्वतःची विक्रीसुद्धा उघड वापरच असते. कायद्यात अपवाद आहेत : शेतात उघड्यावर घ्यावीच लागणारी वाजवी चाचणी अर्जाच्या आधीच्या एका वर्षात झाली असेल तर चालते, केंद्र सरकारने अधिसूचित केलेल्या प्रदर्शनात मांडलं असेल तर १२ महिन्यांच्या आत अर्ज करता येतो. प्रत्येक कृषी प्रदर्शन अधिसूचित नसतं, आणि विक्रीला चाचणी म्हणता येत नाही. म्हणून समोरच्याचे जुने यूट्यूब व्हिडिओ, जाहिराती, विक्रेत्यांची बिलं आधी बघा.

व्हॉट्सअ‍ॅपवरचा फोटो किंवा यूट्यूबचा व्हिडिओ कोर्टात चालतो का?

चालतो, पण नुसती प्रिंट काढून चालत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र जोडावं लागतं. त्यात फाइलची हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाइलचा आकडी ठसा, असते, आणि तज्ज्ञाचा भागही असतो. मूळ फोन विकू नका, फॉरमॅट करू नका. व्हिडिओ कुणी काढून टाकायच्या आत त्याची तारखेसह नोंद करून ठेवा.

आव्हान नेमकं कुठे द्यायचं?

अर्ज मंजूर झालेला नसेल, तर कुणीही पेटंट कार्यालयात कलम २५(१) खाली विरोध करू शकतो. मराठवाडा मुंबई कार्यालयाच्या हद्दीत येतो. ते अँटॉप हिलला आहे. मंजुरी प्रसिद्ध झाल्यापासून एक वर्षाच्या आत हितसंबंध असलेल्या व्यक्तीला २५(२) खाली विरोध करता येतो. या दोन्ही वाटा कोर्टापेक्षा स्वस्त आहेत.

त्यानंतर उच्च न्यायालय. पूर्वी यासाठी वेगळं अपील मंडळ होतं, ते २०२१ मध्ये बंद झालं. आता एक तर स्वतःहून कलम ६४ खाली रद्द करण्याची याचिका करायची, किंवा तुमच्यावर दावा आला तर प्रतिदावा, म्हणजे त्याच खटल्यात पेटंट रद्द करायची उलट मागणी, करायचा. उल्लंघनाचा दावा जिल्हा न्यायालयाच्या खाली चालत नाही. तुम्ही प्रतिदावा केला की कलम १०४ प्रमाणे दावा आणि प्रतिदावा दोन्ही उच्च न्यायालयाकडे वर्ग होतात. मराठवाड्याचे सगळे जिल्हे मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठाच्या अखत्यारीत आहेत.

तिसरी वाट कलम १०७ ची. रद्द करण्याची जी कारणं आहेत, तीच नुसती बचाव म्हणून कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, मांडायची. फरक हा की बचाव जिंकलात तर तुमच्यावरचा दावा पडतो, पण पेटंट नोंदवहीत तसंच राहतं आणि उद्या शेजाऱ्याला नोटीस जाते. प्रतिदावा जिंकलात तर ते सगळ्यांसाठीच संपतं.

वाटा एकाच वेळी सगळ्या चालता येत नाहीत. बीड-धाराशिवच्या माळावर दिसतात तशा पवनचक्क्यांच्या पेटंटवरून डॉ. अलॉयस वोबेन विरुद्ध योगेश मेहरा हा खटला झाला. २ जून २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की २५(२) चा विरोध केला असेल तर पुन्हा कलम ६४ ची याचिका किंवा प्रतिदावा नाही. आणि याचिका व प्रतिदावा यांतलं एकच निवडायचं. म्हणून घाईत अर्धवट पुराव्यानिशी विरोध दाखल करू नका. ती गोळी एकदाच झाडता येते.

समन्स आल्यावर किती वेळ मिळतो?

पेटंटचा दावा सहसा व्यापारी दाव्यात मोडतो, आणि त्यात कैफियत ३० दिवसांत द्यायची. न्यायालय कारण पाहून जास्तीत जास्त समन्स मिळाल्यापासून १२० दिवसांपर्यंत घेऊ शकतं. १२१ वा दिवस उजाडला की हक्क गेला. ‘वकीलसाहेब बघतील’ म्हणून दिवाळी काढू नका. कागदपत्रंही कैफियतीसोबतच लावायची असतात, नंतर आणायची तर न्यायालयाला सबळ कारण द्यावं लागतं. जुने कागद शोधायला मिळणारा खरा वेळ एवढाच.

निकाल लागेपर्यंत माझं यंत्र विकणं बंद होईल का?

वादी तात्पुरता मनाई हुकूम मागणारच, आणि लहान वर्कशॉप बहुतेक तिथेच मरतं. या टप्प्यावर तुम्हाला पेटंट पूर्ण पाडून दाखवायचं नसतं. वैधतेबद्दल खरीखुरी, विश्वास बसेल अशी शंका उभी करायची असते. चांगला क्लेम-तक्ता, म्हणजे वर सांगितलेली भागवार मांडणी, आणि दोन तारखेचे कागद इथे सोन्याच्या मोलाचे.

बजाज आणि टीव्हीएस यांचा दोन स्पार्क प्लगच्या इंजिनाचा वाद आठवतो? बजाजचा प्रकल्प वाळूजला असल्याने आपल्याकडे त्याची चर्चा बरीच झाली. मद्रास उच्च न्यायालयाच्या एकल न्यायाधीशांनी २००८ मध्ये मनाई दिली, खंडपीठाने २००९ मध्ये ती उठवली. सर्वोच्च न्यायालयाने १६ सप्टेंबर २००९ ला टीव्हीएसला विक्री करू दिली, पण विक्रीचा नेमका हिशेब ठेवायला लावलं, आणि असे खटले रोज चालवून चार महिन्यांत संपवावेत असंही सांगितलं. तुम्हीही तेच सुचवा : माल विकू द्या, प्रत्येक नगाचा हिशेब देतो.

अडकित्ता लावायचा, असं वकील म्हणाले. म्हणजे काय?

तुमचं यंत्र जुन्या यंत्रासारखंच आहे हे सिद्ध करा. आता पेटंटधारकाने क्लेमचा अर्थ मोठा लावला तर जुनं यंत्रही त्यात बसतं, म्हणजे क्लेम नवा राहत नाही. अर्थ लहान केला तर तुमचं यंत्र बाहेर पडतं, म्हणजे उल्लंघन नाही. दोन्ही पाती एकाच वेळी लावायची.

पेटंटधारक खटला चालू असताना क्लेम बदलू शकतो?

अर्ज करून आकुंचित करू शकतो. मोठा करू शकत नाही. म्हणून त्याची पुढची माघार कुठे असेल ते आधीच हेरा. ती बहुधा पहिल्यानंतरच्या क्रमांकांच्या क्लेममध्ये लिहिलेली असते.

तज्ज्ञ साक्षीदार कोण घ्यावा?

मोठ्या पदाचा नव्हे, त्या यंत्राला हात लावलेला. अभियांत्रिकी किंवा कृषी अभियांत्रिकी महाविद्यालयातला प्राध्यापक चांगला, पण त्याने पेटंट आणि जुने कागद स्वतः वाचलेले हवेत. जोडीला ज्याच्या शेतात जुनं यंत्र उभं आहे तो शेतकरी. त्या यंत्राला रंग देऊ नका, वेल्डिंग करू नका, नेमप्लेट पुसू नका. न्यायालयाकडे कमिशनर, म्हणजे जागेवर येऊन पाहणी करणारा न्यायालयाचा माणूस, नेमायची विनंती करून ते आहे त्या जागी नोंदवून घेता येतं.

लायसन्स घेतलंय आणि करारात ‘पेटंटला आव्हान देणार नाही’ असं लिहिलंय. अडकलो का?

नाही. कलम १४० प्रमाणे अशी अट करारात घालणंच बेकायदा आहे.

दावा लावत नाहीत, पण आमच्या डीलरना फोन करून घाबरवतात. काय करावं?

कलम १०६ खाली तुम्हीच दावा लावू शकता : धमक्या निराधार आहेत असं जाहीर करून घेणं, मनाई आणि नुकसानभरपाई. नुसतं ‘आमचं अमुक पेटंट आहे’ असं कळवणं धमकीत मोडत नाही. म्हणून डीलरला आलेला नेमका मजकूर जपून ठेवा.

नोटिशीत ‘डिझाइन नोंदणी’ लिहिलंय. हेही पेटंटच ना?

नाही. डिझाइन म्हणजे फक्त दिसणं. मुदत १० वर्षं आणि पुढे ५. त्याचा कायदा वेगळा, २००० सालचा. यंत्र कसं चालतं यावर त्याने हक्क मिळत नाही.

लढावं की तडजोड करावी?

पैसा वकिलाइतकाच शोधाशोध, तज्ज्ञ आणि तारखांवर जातो, आणि मालक वर्कशॉपमध्ये नसतो तो खर्च कुणी धरत नाही. हरलात तर आणखी एक धोका : न्यायालय कलम ११३ खाली वैधतेचं प्रमाणपत्र देऊ शकतं आणि त्यानंतर आव्हान देऊन हरणाऱ्याला समोरच्याचा पूर्ण खर्च सोसावा लागू शकतो.

मी स्वतः क्रम असा ठेवतो. आधी आपलं यंत्र क्लेममध्ये बसतं का ते बघायचं. एखादा भाग बदलून बाहेर पडता येत असेल, तर तो बदल कोर्टापेक्षा स्वस्त. बसत असेल आणि पुरावा भक्कम असेल, तर लढायचं. पुरावा नसेल आणि समोरच्याने खरंच डोकं लावून काही शोधलं असेल, तर लायसन्स मागायचं. आपल्यातलाही कुणी उद्या खरा शोध लावणार आहे, आणि त्याचं पेटंट लोकांनी मानावं असं आपल्याला वाटणारच.

मला पेटंट नको, पण माझ्या सुधारणेवर दुसऱ्याने घेऊ नये. काय करू?

ती उघड आणि तारखेनिशी छापून टाका. ड्रॉइंग, भागांची नावं, ते कसं चालतं याचं वर्णन, चार बाजूंचे फोटो. शेतीविषयक मासिकात, संघटनेच्या स्मरणिकेत, स्वतःच्या संकेतस्थळावर, आणि चालत्या यंत्राचा व्हिडिओही. मात्र आधी पक्कं ठरवा, कारण एकदा उघड केलं की तुम्हालाही त्यावर पेटंट मागणं बहुधा शक्य राहत नाही. ठरलं की प्रत्येक मॉडेलचं एक माहितीपत्रक छापा, कोपऱ्यात महिना आणि वर्ष घाला, दोन प्रती ग्राहकाला द्या आणि एक प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये, जमिनीपासून वर, वाळवी लागणार नाही अशा कपाटात ठेवा.